गोल्फ क्लबची जास्तीची सात वर्षं

मास्तरांना गोल्फमधलं ओ की ठो कळत नव्हतं, हे आधीच सांगून टाकलेलं बरं. समुद्राकाठी तो क्लब आहे, तिथे मोठी माणसं काठीने लहानसा चेंडू मारतात, मग तो शोधत हिंडतात आणि सापडला की पुन्हा मारतात, एवढीच त्यांची माहिती. सापडलेला चेंडू माणूस खिशात का टाकत नाही, हा प्रश्न त्यांना पडत असे. पण मास्तरांनी अडतीस वर्षं शाळेत इतिहास शिकवला होता. माणसं अशी का वागतात हे विचारत बसलं तर परीक्षेपर्यंत धडे पुरे होत नाहीत. ती कधी वागली एवढंच विचारावं, हे त्यांना अनुभवाने ठाऊक होतं.

म्हणून क्लबचे चिटणीस एका संध्याकाळी घरी आले आणि म्हणाले, "सर, यंदा क्लबला शंभर वर्षं होतायत. इतिहास तुम्हीच लिहायचा," तेव्हा मास्तरांनी नाही म्हणायला हवं होतं. पण चिटणीस त्यांचा विद्यार्थी. वय वर्षं अठ्ठावन्न, डोक्यावर केस मोजून घ्यावेत इतके, तरी सरांनी 'बस' म्हणेपर्यंत उभा. अशा मुलाला नाही कसं म्हणायचं?

"किती पानं?" मास्तरांनी विचारलं.

"चाळीस, सर. फोटोबिटो धरून. दोन आठवड्यांचं काम."

चिटणीस गेल्यावर काकू आतून बाहेर आल्या. मास्तरांच्या पत्नीला सगळी आळी काकू म्हणत असे आणि घाबरतही असे.

"अहो, त्या खेळातलं तुम्हाला काय कळतं?"

"इतिहास लिहायला खेळ कळावा लागत नाही. मी अडतीस वर्षं लढाया शिकवल्या. कधी तलवार धरली होती हातात?"

"तलवार राहू द्या. भाजी चिरायची सुरीसुद्धा धरली नाहीत."

मास्तरांनी नवीन वही काढली, पहिल्या पानावर समास आखला आणि वर लिहिलं, 'प्रकरण पहिलं : स्थापना.' ते प्रकरण पुढचे दोन महिने तिथेच उभं राहणार होतं, हे त्या वेळी समासालाही माहीत नव्हतं.

आळीत ही बातमी पसरायला एक सकाळ पुरली. तळमजल्यावर वकील राहत. त्यांची वकिली सुटून बारा वर्षं झाली होती, पण सल्ला द्यायची सवय सुटलेली नव्हती. ते म्हणाले, "मास्तर, सुरुवात समुद्रापासून करा. माणसांपासून केलीत तर कुणी ना कुणी दुखावतो. समुद्र अब्रुनुकसानीचा दावा लावत नाही." वरच्या मजल्यावरच्या इंजिनिअरचं मत पडलं की पुस्तकात आलेख हवेत, आलेखांशिवाय हल्ली कुणी विश्वास ठेवत नाही. "कसले आलेख?" मास्तरांनी विचारलं. "ते तुम्ही ठरवा. पण चढते असू द्या," इंजिनिअर म्हणाले. कोपऱ्यावरच्या न्हाव्याने दाढी करता करता सांगितलं की क्लबच्या जुन्या अध्यक्षांच्या मिशा त्याच्या वडिलांनी कोरल्या होत्या; इतिहासात त्याचा उल्लेख यावा. वस्तरा गळ्याशी असल्यामुळे मास्तरांनी लगेच होकार दिला.

दुसऱ्या दिवशी ते प्रत्यक्ष जागा पाहायला निघाले. स्थळ पाहिल्याशिवाय घटना सांगू नये, असं ते वर्गात नेहमी सांगत. छत्री घेतली, डोक्याला टोपी घातली आणि हिरवळीवर पहिली दहा पावलं टाकली, तोच लांबून आरोळी आली, "ओ काका! बाजूला व्हा!" आणि काहीतरी सूंऽऽ करून कानाजवळून गेलं. मास्तर अडतीस वर्षांत कधीही कुणासाठी बाजूला झाले नव्हते. उलट ते व्हरांड्यातून चालू लागले की दोन्हीकडची मुलं भिंतीला चिकटत. त्यांनी छत्री उघडली, ढालीसारखी पुढे धरली आणि आपल्या प्रतिष्ठेसह सरळ चालत राहिले. दुसरा चेंडू छत्रीतून आरपार गेला. मग मात्र ते बाजूला झाले.

तिथला माळी गवत कापत होता. त्याचा आजा, बाप आणि तो, तिघांनी मिळून हीच हिरवळ राखलेली. त्याने मास्तरांना हाताला धरून झाडाखाली आणलं. छत्रीच्या भोकातून त्याने समुद्र पाहून घेतला आणि म्हणाला, "चेंडू नवा असणार. स्वच्छ गेलाय."

"मला पहिल्यापासून सगळं दाखव," मास्तर म्हणाले. "या खेळात अठरा होल असतात ना? अठरा खळगे, क्रमाने चेंडू घालत जायचं? तर पहिला कुठे आहे?"

माळ्याने समुद्राकडे बोट केलं. "ती होडी दिसते का? तिच्या जरा अलीकडे."

"तिथे तर पाणी आहे."

"आता आहे. माझ्या आज्याच्या वेळी तिथे गवत होतं. दुसरा, तिसरा, चौथा, पाचवा, सगळे समुद्राने एकेक करून नेले. हा जो इथे दिसतो ना, हा सहावा."

"म्हणजे खेळ सहापासून सुरू होतो?"

"हो. सहा ते अठरा असे तेरा खेळायचे, मग परत येऊन सहा ते दहा पुन्हा. झाले अठरा."

"अरे, मग सहाव्यालाच पहिला का म्हणत नाहीत?"

"घटनेत बदल करायला दोन तृतीयांश सभासद सभेला लागतात," माळी गवताची काडी चावत म्हणाला. "तेवढे कधी आलेच नाहीत. सभा रविवारी सकाळी असते. हवा चांगली असली की सगळे खेळायला जातात."

मास्तरांनी हे वहीत टिपलं. पुढे सगळी गोष्ट याच वाक्यावर उलटणार होती. पण त्या घडीला त्यांचं लक्ष छत्रीच्या भोकाकडे होतं. ते काकूंना कसं सांगायचं, या विचारात त्यांनी त्या वाक्याखाली रेघ ओढली नाही. वर्गात मुलांना ते नेमकं यासाठीच ओरडत.

क्लबचे कागद एका लोखंडी कपाटात होते आणि कपाट न्हाणीघराच्या भिंतीला टेकून होतं. इतकी वर्षं एका बाजूने समुद्राची हवा आणि दुसऱ्या बाजूने सभासदांच्या आंघोळी यांनी तो इतिहास वाफवून काढला होता. सभांच्या इतिवृत्तांच्या वह्या फुगून पावासारख्या झाल्या होत्या. पानं एकमेकांना अशी घट्ट धरून बसली होती, जणू कुणी विचारलं तर सांगायचं नाही असं त्यांचं ठरलं असावं.

मास्तर वह्या घरी घेऊन आले आणि सुट्या झालेल्या पानांना चिमटे लावून त्यांनी गॅलरीतल्या दोरीवर वाळत घातलं. काकूंच्या चादरी खुर्च्यांवर आल्या. आळीतली माणसं खालून वर बघत जाऊ लागली. तिसऱ्या दिवशी वारा सुटला आणि तळमजल्यावरून वकिलांचा आवाज आला.

"मास्तर! तुमचा एक ठराव माझ्या चहात पडलाय!"

"काढा, काढा! काय लिहिलंय त्यावर?"

"'एकमताने मंजूर' एवढं वाचता येतंय. काय मंजूर ते विरघळलं."

दोरीचा नाद सोडून मास्तरांनी इस्त्रीचा नाद धरला. काकू बहिणीकडे गेल्याचं निमित्त साधून त्यांनी टेबलावर चादर अंथरली, सर्वांत जुनी वही उघडली आणि पहिल्या पानावर हलक्या हाताने इस्त्री फिरवली. पान काय सुंदर सरळ झालं! शाई उजळली. 'क्लबची पहिली सभा आज दिनांक' इथपर्यंत मास्तरांनी वाचलं आणि चष्मा पुसावा म्हणून हात काढला. काढला तो फक्त हात. इस्त्री तिथेच होती.

काकू परत आल्या तेव्हा घरात जळका वास होता, आणि मास्तर एका पानापुढे वाकून बसले होते. त्या पानावर होडीच्या आकाराचा तपकिरी डाग होता. डागाच्या अलीकडे 'आज दिनांक' होतं आणि पलीकडे 'रोजी भरली'. मधली तारीख, महिना, वर्ष, सगळं गेलेलं.

"अडतीस वर्षं शिकवलात तो इतिहास," काकू म्हणाल्या, "दोन मिनिटांत जाळलात."

आता तुम्ही म्हणाल, त्यात एवढं काय? शंभरावी वार्षिक सभा यंदा होतेय, क्लब शंभर वर्षांचा आहे, वजाबाकी केली की स्थापनेचं वर्ष हातात. चिटणीसही तेच म्हणाले. पण मास्तरांचा एक नेम होता. एका पुराव्यावर ते कुणाचंच ऐकत नसत. कुत्र्याने वही खाल्ली असं मुलगा म्हणाला तर त्याला कुत्रा घेऊन यायला सांगत. स्थापनेच्या वर्षाला दुसरा पुरावा हवा होता, आणि तो होता स्थापनेच्या वेळी पहिल्या पाच खळग्यांसाठी घेतलेल्या जमिनीच्या मूळ कागदात. तो कागद भूमापन कचेरीत.

कचेरीतल्या कारकुनाने अर्ज उलटासुलटा पाहिला.

"हा भूखंड नकाशावर नाही."

"का नाही?"

"समुद्रात आहे."

"पण एके काळी जमिनीवर होता. त्या वेळचा कागद हवाय मला."

"कागद मिळेल. आधी जागेची पाहणी व्हावी लागते. पाहणी झाल्याशिवाय मूळ कागद बाहेर काढायचा नाही, नियम आहे. अर्जात चतु:सीमा लिहिल्या नाहीत तुम्ही. चारी दिशांना काय काय आहे ते लिहा."

मास्तरांना खोटं लिहिता येत नव्हतं. त्यांनी लिहिलं : पूर्वेस समुद्र, पश्चिमेस समुद्र, उत्तरेस समुद्र, दक्षिणेस समुद्र. कारकुनाने वाचलं, एक वेलांटी सुधारली आणि शिक्का मारला.

पाहणीला मोजणीदार आला तो ओहोटीची वेळ बघून. बूट हातात, साखळी खांद्यावर. मास्तरांनी पायजमा गुडघ्यापर्यंत दुमडला आणि दोघे पाण्यात उतरले. काठावरून माळी दिशा सांगत होता, "अजून डावीकडे! दुसऱ्या खळग्यात पाय जाईल, सांभाळा!" मागून खेळणाऱ्यांपैकी कुणीतरी "ओ काका!" म्हणालं, पण या वेळी मास्तरांनी वळूनही पाहिलं नाही. पाण्यात बाजूला व्हायला जागाच जागा होती. मोजणीदाराने कमरेइतक्या पाण्यात उभं राहून, एका हाताने वही डोक्यावर धरून, शेरा लिहिला. मास्तरांनी तो पुढे अनेकांना पाठ म्हणून दाखवला : 'जागा समक्ष पाहिली. जागा दिसली नाही. अर्जदाराची हरकत नाही.'

आठवड्याने कागद बाहेर आला. वाळवीने कडा खाल्ल्या होत्या, पण तारीख शाबूत होती. मास्तरांनी ती वाचली, चष्मा पुसला, पुन्हा वाचली. बोटांवर मोजलं. मग कारकुनाकडून कागद मागून उभी वजाबाकी मांडली, कारण बोटांवर त्यांचा आता पूर्वीसारखा विश्वास राहिला नव्हता.

त्र्याण्णव. क्लब त्र्याण्णव वर्षांचा होता.

मग शंभरावी सभा कुठून आली? मास्तर घरी आले, वाळलेल्या सगळ्या वह्या क्रमाने लावल्या आणि दोन दिवस त्यांत डोकं घालून बसले. तिसऱ्या दिवशी त्यांना माळ्याचं वाक्य आठवलं. रविवारी सकाळी सभा. हवा चांगली असली की कुणी येत नाही. क्लबच्या नियमाप्रमाणे कोरम भरला नाही तर सभा तहकूब करायची आणि अर्ध्या तासाने जे असतील त्यांना घेऊन पुन्हा भरवायची. नियम बरोबरच होता. पण जेव्हा जेव्हा असं झालं, तेव्हा त्या त्या वेळच्या चिटणिसाने अर्ध्या तासानंतरच्या सभेला पुढचा नवा क्रमांक दिला होता. एकाच सकाळी बारावी सभा तहकूब झाली आणि तेरावी भरली. पुढच्या वर्षीच्या चिटणिसाने मागचा क्रमांक पाहिला, त्यात एक मिळवला, सही केली. असं सात वेळा झालं होतं. त्र्याण्णव वर्षांत सात रविवारी हवा फार सुंदर होती, एवढाच याचा अर्थ. आणि गेल्या वर्षी नोटिशीवर 'नव्व्याण्णवावी' वाचून कुणीतरी ओरडलं होतं, "अरे, म्हणजे पुढच्या वर्षी शंभर!"

मास्तरांनी चिटणिसाला बोलावलं आणि वह्या दाखवल्या. चिटणीस उभा होता तो 'बस' न म्हणताच बसला. मास्तरांनी ओळखलं, मामला गंभीर आहे.

"सर, आमंत्रणपत्रिका छापून झाल्यात. 'शंभर वर्षे' असा दगड कोरून झालाय. पाथरवट म्हणतो, दगडावर वाढवता येतं, खोडता येत नाही."

"हं."

"सर, सातच वर्षं. आणि तारखेचं पान तर..." चिटणिसाने भिंतीकडे पाहत म्हटलं, "तुमच्या हातून जळलेलंच आहे. कोण विचारणार?"

मास्तरांनी वह्या एकावर एक रचल्या. मग चिटणीस हळूच म्हणाला, "सातवीत एका तहाचं वर्ष चुकलो होतो मी. सातच वर्षांनी. एका मार्काने नापास केलंत तुम्ही. मी म्हटलं होतं, 'सर, सातच वर्षं.' तुम्ही काय म्हणालात, आठवतं?"

मास्तरांना चांगलं आठवत होतं. ते म्हणाले होते, 'सात वर्षं म्हणजे पहिलीतलं पोर आठवीत येतं. थोडी नाहीत ती.' नंतर सगळी सुट्टी त्यांनी त्या मुलाला रोज सकाळी घरी बोलावून शिकवलं होतं. काकू त्याला दूध देत. खिडकीतून समुद्रावर खेळणाऱ्या पोरांचा आवाज येई आणि मुलाची मान तिकडे वळे. मास्तरांनी ती हनुवटी धरून किती वेळा वहीकडे वळवली असेल! चेहरा तोच होता, हनुवटीखाली आता थोडी भर पडली होती.

त्या रात्रीचं जेवण मास्तरांना गोड लागेना.

"द्या ना त्याला सात वर्षं," काकू म्हणाल्या. "क्लबच्या वयाने कुणाचं काय अडलंय?"

"क्लबचं नाही गं अडलं. आज शंभर लिहिलं, तर त्या बारा वर्षांच्या पोराला मी तेव्हा उगाच नापास केलं, असं होतं. त्याची सुट्टी मी कुठून परत आणू?"

काकूंनी त्यांच्या पानात न मागता आणखी एक पोळी वाढली. काकूंना पटलं की त्या बोलत नसत, वाढत.

सकाळी मास्तर थेट अध्यक्षांकडे निघाले. चिटणीस मागून धावत आला. "सर, नका सांगू! साहेबांचं वय बघा. शंभर वर्षांचा समारंभ डोळ्यांनी बघायचा म्हणून तेवढ्यावर उभे आहेत ते. काही बरंवाईट झालं तर?"

अध्यक्ष ओसरीवर आरामखुर्चीत बसले होते. गुडघ्यावर पांघरूण, हातात गोल्फची काठी, आता टेकायला. मास्तरांनी समोर वह्या मांडल्या आणि चौथीच्या मुलाला भागाकार सांगावा तसं, घाई न करता, एकेक वर्ष दाखवत सगळं सांगितलं. चिटणीस दाराशी श्वास धरून उभा. अध्यक्षांनी डोळे मिटले. बराच वेळ ते मिटलेलेच राहिले. चिटणीस डॉक्टरला आणायला वळणार, एवढ्यात ते म्हणाले,

"मास्तर, त्र्याण्णव म्हणालात ना?"

"हो."

"मी त्र्याण्णवचा. म्हणजे हा आमच्या बरोबरीचा निघाला की! आयुष्यभर मी याला वडीलधारा समजत होतो. दारातून आत शिरताना टोपी काढत होतो. उद्यापासून अरे-तुरे करतो लेकाला."

"पण साहेब, समारंभ?" चिटणीस कसंबसं म्हणाला. "दगड?"

"शंभरावी सभा तर आहे ना यंदा? नियम काहीही असो, शंभर वेळा माणसं त्या खोलीत जमली, हे खरं ना, मास्तर?"

"अगदी खरं. मी मोजलंय."

"मग शंभराव्या सभेचा समारंभ करू. दगड माळ्याच्या खोलीत ठेवा, तोंड भिंतीकडे करून. सात वर्षांनी लावू." अध्यक्षांनी पांघरूण सारखं केलं. "मी आहेच."

पत्रिकांवर 'वर्षे'च्या जागी 'सभा' अशा चिठ्ठ्या चिकटवायचं काम आळीवर पडलं. वकिलांनी डिंक लावला, इंजिनिअरने चिठ्ठ्या सरळ लागाव्यात म्हणून पट्टी आणली आणि सगळ्या तिरक्या लागल्या. मास्तरांनी प्रकरण पहिलं चार दिवसांत पुरं केलं. त्यात समुद्र होता, न्हाव्याचे वडील होते, सात सुंदर रविवार होते आणि तळटीप होती : 'पहिल्या वहीतील दिनांक लेखकाच्या हलगर्जीपणामुळे जळाला.' ती तळटीप काकूंनी दोनदा वाचली आणि पुस्तकात तेवढंच चांगलं उतरलंय, असं मत दिलं.

शंभराव्या सभेचा रविवार उजाडला. पाऊस नाही, वारा नाही, समुद्र ताटासारखा सपाट, ऊन कोवळं. असा दिवस वर्षातून एखादाच येतो. सभागृहात फुलं लावली होती, अध्यक्ष पुढे बसले होते, पाहुणे आले होते, आळी आली होती. कोरमला एकवीस सभासद हवे होते. मास्तरांनी मोजले. नऊ. खिडकीबाहेर हिरवळीवर पांढऱ्या टोप्या हलत होत्या, आणि मधूनच सूंऽऽ असा आवाज येत होता.

अर्धा तास वाट पाहिली. दहावा आला, तो विसरलेला हातमोजा न्यायला आणि घेऊन गेला. शेवटी अध्यक्ष म्हणाले, "कोरम नाही. सभा तहकूब." सगळे उठले, चहा प्यायले, अर्ध्या तासाने पुन्हा येऊन त्याच खुर्च्यांवर बसले.

"हं, चिटणीस," अध्यक्ष म्हणाले, "लिहा. सभा सुरू झाली."

चिटणिसाने वही ओढली. आधी लिहिलेल्या 'सभा क्रमांक १००, तहकूब' या ओळीखाली त्याने नवी ओळ धरली. हात सवयीने चालला. 'सभा क्रमांक' लिहून झालं, एक काढला, शून्य काढलं, आणि पेन तिसऱ्या आकड्यासाठी कागदाला टेकलं.

मास्तर शेजारीच बसले होते. त्यांना दिसत होतं. आता एक काढला की एकशे एकावी सभा. पत्रिका चुकल्या, पुस्तक चुकलं, आणि पुढच्या शंभर वर्षांची चूक नव्याने सुरू. वकील पाठीमागून कुजबुजले, "मास्तर, सांगा की त्याला!" काकूंनी वकिलांकडे पाहिलं, तेव्हा ते गप्प झाले. मास्तर बोलणार नव्हते. फळ्यापाशी उभं राहिलेलं मूल विचार करत असेल, तर मास्तराने तोंड उघडायचं नसतं. खडू हातात त्याच्या आहे.

पेन तसंच थांबलं होतं. चिटणिसाने वरची ओळ पाहिली. खिडकीबाहेर पाहिलं. या वेळी त्याची मान आपली आपणच परत वहीकडे वळली. त्याने शून्य काढलं. मग त्यापुढे, शब्द पाडत पाडत, लिहिलं : 'तीच सभा. अर्ध्या तासाने पुढे चालू.'

आणि वही सरांकडे सरकवली.

मास्तरांनी खिशातून लाल पेन काढलं. शाळा सुटून वीस वर्षं झाली तरी ते त्यांच्या खिशात असे. कशासाठी, हे काकूंनी अनेकदा विचारलं होतं. त्यांनी ओळ वाचली आणि समासात एक छोटीशी, तिरकी, बरोबरची खूण केली.

"किती, सर?" चिटणिसाने हळूच विचारलं.

"दहापैकी नऊ."

"एक कशाचा कापला?"

"अक्षराचा," मास्तर म्हणाले. "अजून तसंच आहे. उद्यापासून सकाळी येत जा."